जर्सीवरची पाच आडनावं

आमच्या ऑफिसात सातव्या मजल्यावर एक खेळायची खोली आहे. तिथे टेबल टेनिसचं टेबल आहे, दोन बीनबॅग आहेत आणि भिंतीएवढ्या टीव्हीवर फुटबॉलचा गेम आहे. हल्लीच्या या गेममध्ये खेळाडूच्या कपाळावरचा घामसुद्धा दिसतो. मला त्यात गोडी वाटत नाही, पण अधूनमधून तिथे जाऊन उभं राहावं लागतं, नाहीतर हाताखालची मुलं म्हणतात, सर फार सिरीयस आहेत. दोन महिन्यांपूर्वी त्यातल्याच एकाने वीस वर्षांपूर्वीचा गेम कुठूनतरी शोधून आणला आणि लॅपटॉप टीव्हीला जोडला. गेम सुरू होतानाचं ते संगीत मी लगेच ओळखलं.

"सर, हा तुमच्या वेळचा ना? तुमची टीम कोणती होती?"

मी एका बड्या परदेशी क्लबचं नाव सांगितलं. सगळे खूश झाले, एकाने टाळी दिली. मी खोटं बोललो होतो. माझी टीम खडकीची होती, कारखान्याची होती, आणि खरं म्हणजे ती माझी नव्हतीच, माझ्या वडिलांची होती. तिची वाट मी लावली. हे मी आजवर कुणाला धड सांगितलेलं नाही. बायकोलासुद्धा अर्धंच सांगितलंय, आणि त्या अर्ध्यात मी बराच चांगला दिसतो.

वडील खडकीला दारूगोळ्याच्या कारखान्यात फिटर होते. माझं सगळं लहानपण तिथल्या क्वार्टर्समध्ये गेलं. कारखान्याची फुटबॉल टीम होती आणि लग्नाआधीपासून वडील तिचे गोलकीपर होते. मला कळायला लागेपर्यंत त्यांचा गुडघा गेला होता, त्यामुळे मी त्यांना खेळताना कधी पाहिलं नाही. पण ती टीम मला पाठ होती. दोन तमिळ, दोन मुसलमान, एक ख्रिश्चन, एक मराठा आणि पाच आमचे, म्हणजे बौद्ध. रविवारी जेवताना वडील एखादी जुनी मॅच काढायचे आणि वाटी गोलपोस्ट व्हायची. आई म्हणायची, "आता तो गोल वाचला असेल तर वरण वाढू का?"

वडील निवृत्त झाले आणि क्वार्टर सोडून आम्ही विश्रांतवाडीला आलो. आळंदी रोडपासून आत, दुसऱ्या मजल्यावर, दोन खोल्या आणि हॉल. तोवर माझं इंजिनिअरिंग संपलं होतं आणि येरवड्याच्या पलीकडे जी काचेच्या इमारतींची रांग उठत होती, त्यातल्या एकीत मला नोकरी लागली होती. मी घरी असेंबल केलेला कॉम्प्युटर आणला. आईने त्याच्यासाठी झालर लावलेलं कव्हर शिवलं. ऑफिसातल्या एकाकडून गेमची सीडी आणली आणि आतल्या खोलीत माझे फुटबॉलचे दिवस सुरू झाले.

वडील दोन दिवस दारात उभे राहून नुसते बघत होते. हातात पेपर, चष्मा कपाळावर. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "हा कीपर मूर्ख आहे."

"का?"

"समोरचा एकटा येतोय, तर पुढे येऊन कोन कमी करायला नको? लाइनीवर उभा राहून काय फोटो काढतोय?"

मी त्यांना कुठलं बटण दाबलं की कीपर पुढे येतो ते दाखवलं. त्या दिवसापासून ती खुर्ची त्यांची झाली. आयुष्यभर कानस चालवलेली बोटं ती. एक की दाबायला गेली की तीन दाबली जायची. पण महिन्याभरात ते मला हरवायला लागले. गुडघे दुखणारा माणूस खुर्चीत बसून धावत होता आणि धाप लागल्यासारखा श्वास घेत होता. मला ते बघायला फार आवडायचं. आज नीट आठवलं तर माझ्या आणि त्यांच्या आयुष्यातले तेच दिवस सगळ्यात सुखाचे होते.

त्या गेममध्ये एक सोय होती. स्वतःची टीम बनवता यायची. प्रत्येक खेळाडूची उंची, वजन, रंग, केस, डावा पाय की उजवा, सगळं ठरवता यायचं आणि जर्सीच्या पाठीवर नाव लिहिता यायचं. मी हे सहज बोलता बोलता सांगितलं. वडिलांनी पेपर घडी करून ठेवला आणि म्हणाले, "बस इथे. लिही."

कारखान्याची टीम उभी करायला आम्हाला पाच-सहा आठवडे लागले, कारण वडिलांना काहीही साधारण चालत नव्हतं. डावीकडून पळणारा अकरा नंबर. तो मोजे नेहमी खाली सोडायचा, तर गेममध्येही मोजे खाली हवेत. तो चेंडू घेऊन सुटला की मान डावीकडे कलती करायचा, ती सोय गेममध्ये नव्हती म्हणून वडील कंपनीवर चिडले. स्टॉपर, म्हणजे मधला बचावपटू, तमिळ, ताडमाड उंच. त्याची उंची एक सेंटिमीटर वाढवायला लावली आणि मग पुन्हा कमी करायला लावली. "उगाच कशाला वाढवायची, होता तेवढा पुरेसा होता." रंग निवडताना तर बराच वेळ जायचा. गेममध्ये मोजून चार रंग होते. वडील म्हणाले, "यांनी खडकी बघितलेली दिसत नाही."

पाठीवर काय लिहायचं यावर मात्र त्यांना विचार करावा लागला नाही. मैदानावर सगळे एकमेकांना आडनावानेच हाक मारायचे, तेव्हा आडनावंच. एका बोटाने, एकेक अक्षर शोधत, ती अकराही आडनावं वडिलांनी स्वतः टाइप केली. एक नंबरवर, म्हणजे स्वतःच्या जागी, त्यांनी आमचं जुनं आडनाव लिहिलं.

हे जुनं-नवं सांगायला हवं. मी पहिलीत जायच्या आधी वडिलांनी रीतसर गॅझेटमधून आडनाव बदलून घेतलं. आधीचं ऐकलं की ऐकणाऱ्याला आमची जात कळायची. नवं आमच्या गावावरून घेतलेलं, शेवटी 'कर' असलेलं, कुणाचंही असू शकेल असं. आमच्यातल्या कितीतरी घरांनी तेव्हा हे केलं. घरात त्यावर कधी चर्चा झाली नाही. शाळेत, कॉलेजात, ऑफिसात मी त्या नव्या आडनावाने निभावून नेलं. कारखान्यातले लोक मात्र वडिलांना शेवटपर्यंत जुन्या आडनावानेच हाक मारायचे आणि वडील त्याला ओ द्यायचे.

"पप्पा, हे जुनं कशाला?" मी विचारलं होतं.

"गोलमध्ये तोच उभा होता," ते म्हणाले.

मग ज्याच्या पायात चेंडू असेल त्याचं आडनाव स्क्रीनच्या खाली उमटू लागलं. इंग्रजी समालोचन करणाऱ्या त्या आवाजाला आमची नावं येत नव्हती. परदेशी खेळाडूकडे चेंडू गेला की तो तोंड भरून नाव घ्यायचा आणि आमच्याकडे आला की गप्प बसायचा. ती कसर वडील भरून काढायचे. ते खेळताना मोठमोठ्याने एकेकाचं आडनाव घ्यायचे आणि आई स्वयंपाकघरातून विचारायची, "आज सगळे जेवायला आहेत का?"

आता ऑफिसबद्दल. नोकरी लागली तेव्हा मला तिथली सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे सगळे एकमेकांना पहिल्या नावाने हाक मारायचे, साहेबांनासुद्धा. मला वाटलं, सुटलो. पण कँटीनमध्ये चहा घेताना पुणं काही बदललेलं नव्हतं. आमच्या पाच जणांच्या ग्रुपमध्ये एक पेठेतला मुलगा होता, हुशार, बोलायला तिखट. एकदा नवीन आलेल्या एका मुलाच्या कामात चूक निघाली. पेठेतला म्हणाला, "आडनाव बघ ना त्याचं. कॉलेजला नंबर कसा लागला असेल ते वेगळं सांगायला नको." सगळे हसले. मीही हसलो. मी त्याच कॉलेजातून, त्याच राखीव यादीतून आलो होतो. नुसता हसलो असतो तरी एक वेळ चाललं असतं, मी वर आणखी एक वाक्य बोललो. ते वाक्य इथे लिहायची माझी हिंमत नाही.

आमचं पाच जणांचं दर रविवारी कुणाच्या तरी घरी हा गेम खेळायचं ठरलेलं होतं. मी तीन वेळा काहीबाही कारणं सांगून माझी पाळी टाळली. चौथ्यांदा टाळता येईना. आदल्या दिवशी, शनिवारी दुपारी, आई-वडील कुणाच्या तरी साखरपुड्याला गेले होते. मी कॉम्प्युटर सुरू केला. विचार असा होता की उद्या ही टीम नुसती लपवून ठेवायची. पण टीम पुसल्याशिवाय यादीतून जात नव्हती आणि पुसायची माझी छाती झाली नाही. मग मी दुसरा उपाय काढला. तमिळ, मुसलमान, ख्रिश्चन, मराठा, या सहांची आडनावं जशीच्या तशी ठेवली. आमची पाच बदलली. चौघांना मी गावांवरून पडलेली, कुठल्याही सोसायटीच्या पाटीवर खपतील अशी आडनावं दिली. गोलकीपरला आमचं नवं आडनाव दिलं. सगळं मिळून दहा मिनिटं लागली. काम नीट झालं म्हणून मला बरंसुद्धा वाटलं. रविवारी रात्री पुन्हा जुनं करून टाकू, वडिलांना कळणारही नाही, असं मी धरून चाललो होतो.

रविवारी सकाळी चौघे आले. हॉलमध्ये बूट काढले, मी त्यांना थेट आतल्या खोलीत नेलं. आईने पोहे केले. तास-दीड तास खेळ रंगला. मग पेठेतल्याने यादी खालीवर करताना ती टीम पाहिली. "ही कुठली रे?"

"माझ्या वडिलांची. ते कारखान्यात खेळायचे."

"काय सांगतोस! काकांना बोलव की!"

मी नको म्हणेपर्यंत दुसऱ्याने हाक मारली होती. वडील आले, खूश होते ते. शर्टाची बाही दुमडत खुर्चीत बसले. पोरांनी त्यांच्यासमोर एक परदेशी क्लब उभा केला. मॅच सुरू झाली, चेंडू मागे कीपरकडे आला आणि स्क्रीनच्या खाली आमचं नवं आडनाव उमटलं. वडिलांनी ते वाचलं. चेंडू पुढे दोन नंबरकडे गेला, ते आडनाव वाचलं. मग स्टॉपर. त्याचं आडनाव तेच होतं, त्याला त्यांनी हाक मारली. मग चार नंबर. मी त्यांच्या मागे उभा होतो. मला त्यांची मान आणि कान दिसत होते. कोणती पाच बदलली आहेत हे कळायला त्यांना एक मिनिटही लागलं नसेल.

ते खेळत राहिले. सहा जणांना ते नेहमीसारखी मोठ्याने आडनावाने हाक मारत होते. आमच्या चौघांना मात्र नंबरने. "दोन नंबर, सोड. आठ, आठ, पुढे जा. अकरा नंबर, पळ." माझ्या कानशिलांवर कुणी इस्त्री फिरवावी तसं होत होतं.

शेवटी पेठेतल्याने विचारलंच. "काका, यांना नावाने आणि त्यांना नंबरने, असं का?"

वडिलांनी स्क्रीनवरची नजर काढली नाही. "चष्मा बाहेर राहिलाय," ते म्हणाले. "बारीक अक्षरांची नावं वाचता येत नाहीत."

आडनावं सगळी एकाच आकाराची होती. पोरं हसली, एकाने चष्मा आणून देतो म्हटलं, वडील म्हणाले, राहू दे. दोन-एकने हरले. उठताना सगळ्यांना म्हणाले, "छान खेळता तुम्ही." 

पोरं निघाली. हॉलमध्ये खाली बसून बूट घालत होती तेव्हा मला दिसलं, खरं म्हणजे पहिल्यांदाच दिसलं, की बूट ठेवायच्या जागेच्या बरोब्बर वर आमच्या दोन तसबिरी आहेत. एक बुद्धाची. शेजारी निळ्या कोटातले, चष्मा लावलेले ते, ज्यांच्यामुळे माझे वडील शाळेची पायरी चढले. रोज सकाळी आई त्यांना हार घालते. जन्मापासून पाहून पाहून मला त्या दिसायच्याच बंद झाल्या होत्या. आतल्या खोलीत दहा मिनिटं खपून मी पाच आडनावं पुसली आणि घराचा दर्शनी हॉल जसाच्या तसा ठेवला. पेठेतल्याने लेस बांधता बांधता वर पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं, आणि म्हणाला, "काकू, पोहे एकदम झकास." सकाळी आल्या आल्याच त्यांना सगळं कळलं होतं. कुणाला काही वाटलंही नसेल. किंवा वाटलं असेल. मला तो प्रश्न विचारण्याचा हक्क राहिला नव्हता.

ते गेल्यावर वडील गॅलरीत उभे होते. मी जवळ गेलो. ते ओरडले असते तर सोपं गेलं असतं.

"आज रात्री पुन्हा पहिल्यासारखं करतो," मी म्हणालो.

"केलंस कशाला?"

मी तेच बोललो जे बोलायला नको होतं. "तुम्हीपण बदललंच होतं ना?"

वडील माझ्याकडे वळले. "बदललं," ते म्हणाले. "माझं बदललं. रांगेत उभा राहून, अर्ज लिहून, सही करून बदललं. ते चूक असेल, बरोबर असेल, माझं होतं. तू दुसऱ्यांची बदललीस. त्यांना विचारलंस?"

मी कठड्यावरची धूळ पुसू लागलो.

"आणि माझं नवं लिहिताना तुला वाटलं असेल, हे तर खरंच आहे, यात काय खोटं. त्या आडनावाने मी एकही गोल अडवलेला नाही." मग त्यांनी आवाज नेहमीसारखा केला. "पुढच्या रविवारी अकरा नंबर येतोय. मी त्याला सांगून ठेवलंय, तुझं नाव पाठीवर घेऊन पळतोस म्हणून. बायकोला पण आणतो म्हणाला. तोपर्यंत करून टाक. मी हात लावणार नाही. तू केलंस, तू कर."

कुणालाही वाटेल की मी त्याच रात्री ती आडनावं पहिल्यासारखी केली. पाच आडनावं, दहा मिनिटं. मी सोमवारी केलं नाही, ऑफिसातून दमून आलो होतो. मंगळवारी कँटीनमध्ये पोरं म्हणाली, काका भारी आहेत, पुन्हा तुझ्याकडेच खेळू, या नाहीतर त्या रविवारी. आणि मी विचार करायला लागलो. यांनी बदललेली आडनावं पाहिली आहेत. आता जुनी पाहिली तर त्यांना कळेल की मी मुद्दाम लपवलं होतं. जात कळेल ही भीती आता उरली नव्हती, ती तर तसबिरींनी मिटवली होती. मी लाजलो होतो हे कळेल, ही नवी भीती होती. एका लाजेवर दुसरी लाज चढवून मी चार दिवस काढले. शनिवारी कॉम्प्युटरसमोर बसलो, अकरा नंबरचं पान उघडलं, दोन अक्षरं लिहिली आणि पुसली. मग स्वतःला समजावलं की अकरा नंबरच्या काकांना इंग्रजी वाचायला कुठे जमतंय.

वडिलांनी आठवडाभर एकदाही विचारलं नाही. माझ्यावर विश्वास टाकून बसले होते, दुसरं काही नाही. आणि आठवडाभर खेळलेही नाहीत.

रविवारी अकराच्या सुमाराला अकरा नंबर आले. येरवड्याहून बसने. साठी उलटलेला काटकुळा माणूस, कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट, केसांना तेल. बरोबर त्यांची बायको, नवी साडी नेसलेली. लग्नाला आल्यासारखी दोघं आली होती. त्यांनी दारातच मोठ्याने "जय भीम" घातला आणि वडिलांना मिठी मारली. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "कुठं हाय तुझं मैदान?"

सगळे आतल्या खोलीत आले. आईने दोघांना पलंगावर बसायला सांगितलं. काका काही बसेनात, माझ्या खुर्चीच्या मागे उभे राहिले. वडील दाराजवळ. मी मॅच सुरू केली. मला अजूनही वाटत होतं की चेंडू अकरा नंबरकडे जाऊच द्यायचा नाही. पण काका दोन मिनिटांत म्हणाले, "आरं, डावीकडं दे की! मी मोकळा हाय!"

दिला. खाली सोडलेले मोजे घालून तो डावीकडून सुटला. काकांनी बायकोच्या खांद्यावर थाप मारली. "बघ! मोजे बघ! सांगत नव्हतो तुला?" ती तोंडाला पदर लावून हसत होती. "तुम्हीच की हो," ती म्हणाली. "आन् नाव कुठाय?"

काकांनी वाकून स्क्रीनच्या खाली पाहिलं. त्यांना इंग्रजी वाचता येत होतं. सावकाश, एकेक अक्षर जोडत त्यांनी ते आडनाव वाचलं, जे त्यांचं नव्हतं. पुन्हा एकदा वाचलं. चेंडू बाहेर गेला होता, मॅच थांबली होती. मी मागे वळून पाहिलं नाही. वडील माझ्याकडे बघत असणार हे मला ठाऊक होतं.

मला वाटलं, आता ते चिडतील. चिडावेत असं मी मनापासून मागत होतो. वडिलांनी तोंड उघडलं, "हे पोरानं..." एवढंच म्हणाले, आणि काकांनी त्यांना हाताने थांबवलं.

"कळलं," ते म्हणाले. "आरं, त्यात काय. आमचा थोरला पण असंच लावतो आता. कंपनीत हाय ना तो तुझ्यासारखा. तिकडं बाणेरला फ्लॅट घेतलाय, दारावर पाटी लावलीय पितळंची. नवं आडनाव. त्याचं, सुनेचं, नातवाचं. मी म्हटलं, माझं पण घाल की एका कोपऱ्यात, तर म्हणला, पप्पा, पाटीत जागा नाही." ते हसले. खरंच हसले, त्यात टोमणा नव्हता. त्यांनी माझ्या डोक्यावरून हात फिरवला, आणि तो हात मला आजही जाणवतो. "तू मला टीममध्ये तरी ठेवलंस बाळा. असू दे तसंच. चांगलं दिसतंय."

कीबोर्ड माझ्या पुढ्यात होता. त्यांचं खरं आडनाव मला लहानपणापासून पाठ होतं. ते माझ्या मागे उभे होते, त्यांची बायको होती, माझे वडील दारात होते, आणि दोन मिनिटांचं काम होतं.

मी म्हणालो, "काका, चहा घेणार ना?" आणि आईच्या आधी उठून स्वयंपाकघरात गेलो.